पौंडासाठी पणाला लागलेलं सरकार

रॅम्से मॅक्डोनाल्ड हे नाव मराठी वाचकाला ठाऊक असतं ते पुणे करारामुळे. १६ ऑगस्ट १९३२ रोजी ब्रिटनचे पंतप्रधान म्हणून त्यांनी जातीय निवाडा जाहीर केला, अस्पृश्यांना स्वतंत्र मतदारसंघ दिले. गांधीजींनी येरवड्याच्या तुरुंगात उपोषण आरंभलं आणि २४ सप्टेंबरला डॉ. आंबेडकरांनी करारावर सही केली. आपल्या पाठ्यपुस्तकांतून मॅक्डोनाल्ड डोकावतात ते एवढ्यापुरतेच. हा पंतप्रधान कोणत्या पक्षाचा, असं सहसा कोणी विचारत नाही. विचारलं तर उत्तर चमत्कारिक येतं. ज्या मजूर पक्षाला त्यांनी लहानाचं मोठं केलं, त्या पक्षाने त्यांना वर्षभर आधीच काढून टाकलं होतं आणि ते हुजूर पक्षाच्या बहुमतावर पंतप्रधानपदी बसले होते. याची सुरुवात झाली १९३१ च्या ऑगस्ट महिन्यात. त्यानंतर ब्रिटनमध्ये मजूर पक्षाची जी जी सरकारं आली, त्यांच्या मानगुटीवर तो ऑगस्ट कायम बसलेला दिसतो.

मॅक्डोनाल्डांचा जन्म १८६६ चा, स्कॉटलंडच्या किनाऱ्यावरच्या लॉसीमथ या मासेमारी करणाऱ्या गावातला. आई मोलमजुरी करणारी, अविवाहित. त्या काळच्या इंग्लंडमध्ये असा मुलगा पंतप्रधान होईल, असं कोणी म्हटलं असतं तर लोक हसले असते. देखणं रूप, घनगंभीर आवाज आणि अफाट कष्ट यांच्या बळावर ते वर चढले. पहिल्या महायुद्धाला विरोध केला म्हणून त्यांना शिव्याशाप खावे लागले. हिंदुस्थानविषयी त्यांना आस्था होती. १९१२ मध्ये सरकारी नोकऱ्यांच्या चौकशीसाठी नेमलेल्या इस्लिंग्टन आयोगावर ते आणि गोपाळ कृष्ण गोखले सहकारी सदस्य होते. जानेवारी १९२४ मध्ये मजूर पक्षाचे पहिले पंतप्रधान म्हणून त्यांनी सूत्रं हाती घेतली. ते सरकार वर्षभरही टिकलं नाही.

दुसरी संधी आली ती मे १९२९ च्या निवडणुकीत. मजूर पक्षाला २८७ जागा मिळाल्या, हुजूर पक्षाला २६० आणि उदारमतवाद्यांना ५९. पक्ष सर्वांत मोठा, पण बहुमत नाही. उदारमतवाद्यांनी हात काढला की सरकार कोसळणार, हे पहिल्या दिवसापासून सगळ्यांना माहीत होतं. मंत्रिमंडळात खाणकामगार होते, ओतकाम करणारे होते, एकेकाळी रेल्वेचं इंजिन चालवणारे जे. एच. थॉमस होते. मार्गारेट बॉन्डफील्ड यांच्या रूपाने ब्रिटनच्या मंत्रिमंडळात पहिल्यांदा एक स्त्री आली. कामगारवस्त्यांतून या सरकारकडून एकच मागणं होतं, हाताला काम द्या. तेव्हा नोंदलेले बेकार अकरा-बारा लाख होते. चार-पाच महिन्यांत न्यूयॉर्कचा शेअरबाजार कोसळला, जगाचा व्यापार आटत गेला आणि १९३० संपता संपता ब्रिटनमधल्या बेकारांचा आकडा पंचवीस लाखांवर पोचला.

सरकारमध्ये यावर उपाय सुचवणारी माणसं नव्हती असं नाही. ऑस्वाल्ड मोस्ले या तरुण मंत्र्याने १९३० च्या आरंभी एक टिपण सादर केलं. त्यात कर्ज काढून सार्वजनिक कामं करा, देशी बाजारपेठेला संरक्षण द्या, वृद्धांना लवकर निवृत्तिवेतन देऊन तरुणांसाठी जागा मोकळ्या करा, असा कार्यक्रम होता. तो फेटाळला गेला आणि मेमध्ये मोस्लेने राजीनामा दिला. (पुढे तो फॅसिस्ट झाला आणि त्याच्याबरोबर त्याच्या टिपणाचीही अब्रू गेली.) टिपण फेटाळणारे अर्थमंत्री होते फिलिप स्नोडन. यॉर्कशरच्या विणकर घरातला हा माणूस पाठीच्या दुखण्यामुळे दोन काठ्यांच्या आधाराने चालत असे. समाजवादावर त्याची भाषणं ऐकायला गर्दी लोटायची. अर्थखात्याच्या खुर्चीत मात्र तो जुन्या वळणाच्या कारकुनाहून कडक निघाला. अंथरूण पाहून पाय पसरावेत, सरकारने तर पसरूच नयेत, हा त्याचा बाणा. अंदाजपत्रक जुळलंच पाहिजे, व्यापार खुला राहिलाच पाहिजे आणि पौंड सोन्याला बांधलेला असलाच पाहिजे, या तीन गोष्टींवर त्याच्याशी वाद घालणं व्यर्थ होतं.

पौंड आणि सोनं यांची गाठ १९२५ मध्ये विन्स्टन चर्चिल यांनी अर्थमंत्री असताना पुन्हा मारली होती. एका पौंडाला ४.८६ डॉलर हा महायुद्धापूर्वीचाच भाव त्यांनी कायम केला. या भावाला ब्रिटिश कोळसा आणि कापड परदेशात महाग पडे, त्यामुळे मालकांनी मजुरी कापायला घेतली आणि १९२६ चा सार्वत्रिक संप झाला. तरीही लंडनची पत म्हणजे पौंडाचा भाव, हे समीकरण पक्कं होतं. सोन्यावरचा पौंड सुटला तर जर्मनीत १९२३ मध्ये नोटांचे कागद झाले तसं इथे होईल आणि पहिला मरेल तो गरीब, असं मजूर पक्षाच्या नेत्यांनाही मनापासून वाटे. म्हणूनच हा पेच केवळ बाहेरून लादलेला होता असं म्हणता येत नाही.

मे १९३१ मध्ये ऑस्ट्रियातली सर्वांत मोठी बँक, क्रेडिट-अनस्टाल्ट, डबघाईला आली. जुलैत जर्मन बँकांनी दारं लावली. लंडनच्या सराफ्याने जर्मनीला दिलेला पैसा तिथेच अडकला. ज्यांनी लंडनमध्ये ठेवी ठेवल्या होत्या, ते परदेशी त्या काढून सोनं मागू लागले. अशा वेळी सरकारच्याच एका समितीने आगीत तेल ओतलं. खर्चकपातीचे मार्ग शोधायला नेमलेल्या या समितीचे अध्यक्ष होते सर जॉर्ज मे. त्यांची हयात प्रुडेन्शियल या विमा कंपनीत गेलेली. ३१ जुलैला आलेल्या समितीच्या अहवालात येत्या वर्षाची तूट बारा कोटी पौंड धरली होती. जुनं कर्ज फेडण्यासाठी बाजूला काढायची सुमारे पाच कोटींची रक्कमही त्यात मोजली होती. अहवालाने सुचवलं, ९ कोटी ६५ लाख पौंड खर्च कापा आणि त्यातले ६ कोटी ६५ लाख बेकारांच्या विम्यातून काढा. बेकारभत्ता थेट वीस टक्क्यांनी उतरवा. मजूर पक्षातर्फे नेमलेल्या दोघा सदस्यांनी भिन्न मत नोंदवलं, पण ते कोण वाचतो? परदेशी सावकारांना एवढंच दिसलं की ब्रिटनचं सरकार स्वतःच आपल्या दिवाळखोरीचा हिशेब मांडतंय. जॉन मेनार्ड केन्स यांनी मॅक्डोनाल्डांना कळवलं की या अहवालाबद्दलचं आपलं मत छापण्याजोगं नाही.

अधिवेशन संपलं होतं. मॅक्डोनाल्ड सुट्टीवर लॉसीमथला गेले होते. ११ ऑगस्टला ते घाईने लंडनला परतले, कारण न्यूयॉर्क आणि पॅरिसकडून घेतलेलं पाच कोटी पौंडांचं कर्ज वितळत चाललं होतं. बँक ऑफ इंग्लंडचे गव्हर्नर माँटेग्यू नॉर्मन आजारी होते. त्यांचे उपप्रमुख सर अर्नेस्ट हार्वी यांनी सांगितलं, नवं कर्ज हवं असेल तर आधी अंदाजपत्रक सावरा. विरोधी पक्षांचंही तेच म्हणणं होतं. मंत्रिमंडळ रोज बसू लागलं. रखडत, कण्हत, ५ कोटी ६० लाखांच्या कपातीवर एकमत झालं.

२० ऑगस्टला मंत्र्यांनी कामगार संघटनांच्या मध्यवर्ती मंडळाला, म्हणजे ट्रेड्स युनियन काँग्रेसच्या नेत्यांना, विश्वासात घ्यायचं ठरवलं. समोर होते सरचिटणीस वॉल्टर सिट्रीन आणि वाहतूक कामगारांचे अर्नेस्ट बेव्हिन. ही मंडळी पक्षाची निव्वळ हितचिंतक नव्हती. पक्ष त्यांनीच जन्माला घातला होता, निवडणुकीचा पैसा त्यांच्याच वर्गणीतून येत होता. त्यांनी स्वच्छ सांगितलं की भत्त्याला हात लावू नका. कर्जफेडीचा निधी तूर्त थांबवा. ठरावीक व्याजाच्या रोख्यांवर जगणाऱ्यांवर कर बसवा, कारण भाव पडल्याने त्यांचं उत्पन्न बसल्याजागी वाढलं आहे. देशाने त्याग करायचा तर सगळ्यांनी ऐपतीप्रमाणे करावा. मॅक्डोनाल्डांना हा उद्धटपणा वाटला. परराष्ट्रमंत्री आर्थर हेंडरसन मात्र विचारात पडले. ओतशाळेतून आलेल्या हेंडरसननी पक्षाची संघटना जवळपास वीस वर्षं सांभाळली होती. धरलं तर चावतं, सोडलं तर पळतं, अशी अवस्था झाली होती. कपात केली तर पक्ष फुटतो, केली नाही तर पौंड पडतो.

शेवटी सगळा वाद येऊन थांबला तो बेकारभत्त्यातल्या दहा टक्क्यांवर, म्हणजे सुमारे सव्वा कोटी पौंडांवर. एका घरात याचा अर्थ काय होत होता ते पाहावं. बेकार पुरुषाला आठवड्याला १७ शिलिंग मिळत, बायकोचे ९ आणि प्रत्येक मुलाचे २. दोन मुलांच्या कुटुंबाला ३० शिलिंग. दहा टक्के कपातीनंतर पुरुषाचे १५ शिलिंग ३ पेन्स आणि बायकोचे ८ होणार होते. मुलांचे दोन-दोन तसेच ठेवले तरी घरात येणार २७ शिलिंग ३ पेन्स. आठवड्याला पावणेतीन शिलिंगांची तूट. भाव पडले असल्यामुळे ही कपात खऱ्या अर्थाने कपातच नाही, असा अर्थखात्याचा युक्तिवाद होता. कागदावर तो बरोबरही होता. पण ज्यांच्या मतांवर सरकार आलं होतं, त्यांच्या चुलीशी जाऊन तो कोण सांगणार?

रविवार, २३ ऑगस्ट १९३१. राजे पाचवे जॉर्ज बाल्मोरलची सुट्टी सोडून रात्रीच्या गाडीने लंडनला आलेले. संध्याकाळी सात वाजता मंत्रिमंडळ जमलं, पण निर्णय घेता येईना, कारण न्यूयॉर्कच्या मॉर्गन बँकेची तार यायची होती. दहा टक्क्यांची कपात केली तर कर्ज मिळेल का, याचं उत्तर त्या तारेत असणार होतं. मंत्री उठून डाउनिंग स्ट्रीटच्या बागेत येरझारा घालू लागले. एका साम्राज्याचं मंत्रिमंडळ अटलांटिकपलीकडच्या सावकाराच्या निरोपाची वाट पाहत होतं. नऊच्या सुमारास हार्वी तार घेऊन आले आणि मॅक्डोनाल्डांनी ती वाचून दाखवली. मजकूर सौम्य होता. कर्जाचा विचार करता येईल, पण या कार्यक्रमाला बँक ऑफ इंग्लंडचा आणि लंडनच्या सराफ्याचा मनापासून पाठिंबा आहे ना, अशी पृच्छा त्यात होती. काही मंत्री संतापले. कष्टकऱ्यांनी निवडून दिलेल्या सरकारने सराफ्याचं प्रशस्तिपत्र आणायचं? मत घेतलं गेलं. कपातीच्या बाजूने अकरा, विरुद्ध नऊ. विरोधात हेंडरसन, क्लाइन्स, लान्सबरी यांच्यासारखे वजनदार लोक होते आणि ते राजीनामा देणार हे उघड होतं. अशा बहुमतावर राज्य चालत नाही. मॅक्डोनाल्ड सर्वांचे राजीनामे घेऊन राजवाड्यावर गेले.

दुसऱ्या दिवशी सहकाऱ्यांनी गृहीत धरलं होतं की हुजूर पक्षाचे बाल्डविन पंतप्रधान होतील आणि आपण विरोधी बाकांवर बसू. मॅक्डोनाल्ड राजवाड्यावरून परतले ते नव्या ‘राष्ट्रीय सरकार’चे पंतप्रधान म्हणूनच. त्या दहा जणांच्या मंत्रिमंडळात मजूर पक्षातले चारच होते, खुद्द ते, स्नोडन, थॉमस आणि लॉर्ड सँकी. हिंदुस्थानमंत्री वेजवुड बेन गेले आणि त्या जागी हुजूर पक्षाचे सर सॅम्युएल होर आले. गांधीजी आणि डॉ. आंबेडकर दुसऱ्या गोलमेज परिषदेसाठी लंडनमध्ये होते तेव्हा पलीकडच्या बाजूला बसलेलं सरकार हे असं बदललेलं होतं. ‘डेली हेरल्ड’ने या साऱ्याला सावकारांचा डाव म्हटलं. कारस्थान शिजलं होतं असा पुरावा नाही. सावकार सावकारासारखे वागले. सरकारला मात्र सावकाराच्या अटीपलीकडचा रस्ताच ठाऊक नव्हता.

स्नोडनने १० सप्टेंबरला नवं अंदाजपत्रक मांडलं. प्राप्तिकर वाढला, बेकारभत्ता दहा टक्क्यांनी उतरला, शिक्षकांचे पगार पंधरा टक्क्यांनी. नौदलात तर जुन्या वेतनश्रेणीतल्या खलाशाचे दिवसाचे चार शिलिंग एकदम तीन होणार होते, म्हणजे चौथा हिस्सा गेला. ही बातमी स्कॉटलंडच्या इन्व्हरगॉर्डनला नांगरलेल्या आरमारी ताफ्याला वरिष्ठांकडून न कळता वर्तमानपत्रांतून कळली. खलाशी किनाऱ्यावरच्या कँटीनमध्ये जमले, तिथे भाषणं झाली. १५ सप्टेंबरच्या सकाळी सरावासाठी निघायची वेळ झाली, तेव्हा ‘रॉडनी’, ‘व्हॅलियंट’, ‘हूड’ अशा जहाजांवरच्या लोकांनी कामाला नकार दिला. एका जहाजावरून ललकारी उठली की दुसऱ्यावरून प्रतिसाद येई. सरकारने कपात दहा टक्क्यांवर आणून प्रकरण मिटवलं, पण ब्रिटिश नौदलात बंड, एवढे शब्द जगभरच्या सराफ्यांना पुरले. उरलंसुरलं सोनंही बाहेर जाऊ लागलं. जुलैच्या मध्यापासून वीस कोटी पौंडांहून अधिक रक्कम लंडनमधून गेली होती आणि नव्या सरकारने मिळवलेलं आठ कोटींचं कर्जही त्या ओघात वाहून गेलं.

सोमवारी, २१ सप्टेंबरला ब्रिटनने सोन्याला रामराम ठोकला. पौंड वाचवायला बनवलेल्या सरकारने पौंड सोडला, अवघ्या अठ्ठावीस दिवसांत. आभाळ कोसळलं नाही. वर्ष संपेपर्यंत पौंड साडेतीन डॉलरच्या खाली उतरला, निर्यातीला थोडा श्वास मिळाला आणि पुढच्या वर्षी व्याजाचा दर दोन टक्क्यांवर आल्यावर घरबांधणीने जोर धरला. असं करता येतं हे आम्हाला कोणी सांगितलंच नव्हतं, अशा अर्थाचे उद्गार त्या मंत्रिमंडळातल्या एका माजी मंत्र्याच्या नावावर सांगितले जातात.

या घटनेची झळ आपल्याकडेही लागली. रुपया सोन्यापासून सुटला, पण पौंडाला १ शिलिंग ६ पेन्स या दराने बांधलेलाच राहिला. सोन्याचा रुपयांतला भाव चढला, शेतमालाचे भाव मात्र मंदीने बसलेले. सारा आणि सावकाराचं व्याज भागवायला शेतकऱ्यांनी घरातलं सोनं मोडलं आणि पुढची काही वर्षं ते मुंबई बंदरातून लंडनकडे जात राहिलं.

सप्टेंबरअखेर मजूर पक्षाने मॅक्डोनाल्डांना काढून टाकलं. २७ ऑक्टोबरच्या निवडणुकीत राष्ट्रीय सरकारला ५५४ जागा मिळाल्या, मजूर पक्षाला ५२. विरोधात मत दिलेल्या नऊ मंत्र्यांपैकी एकटे लान्सबरी निवडून आले. प्रचारात स्नोडनने रेडिओवरून आपल्याच जुन्या पक्षाच्या जाहीरनाम्याला माथेफिरू बोल्शेविकपणा ठरवलं. १९३५ मध्ये सीहॅम मतदारसंघातल्या खाणकामगारांनी मॅक्डोनाल्डांना पाडलं आणि दोन वर्षांनी दक्षिण अमेरिकेला जाणाऱ्या बोटीवर त्यांना मरण आलं.

यातून पक्षाने दोन धडे घेतले आणि दोन्ही जन्मभर जपले. एक, फितुरीला क्षमा नाही. दुसरा, पौंड पडला की आपण पडतो. १९४५ मध्ये ॲटली प्रचंड बहुमताने आले, राष्ट्रीय आरोग्य सेवा उभी केली, पण अमेरिकेच्या कर्जाच्या अटीपायी जुलै १९४७ मध्ये पौंड डॉलरमध्ये बदलून द्यायची मुभा दिली आणि पाच आठवड्यांत ती मागे घेतली. १९४९ मध्ये अवमूल्यन झालं. १९५१ मध्ये शस्त्रखर्चासाठी चष्मे आणि कवळ्यांवर शुल्क लावलं, तेव्हा ती सेवा उभारणारे मंत्री बेव्हन (वाहतूक कामगारांचे बेव्हिन नव्हेत) राजीनामा देऊन बाहेर पडले. १९६४ मध्ये हॅरल्ड विल्सननी अवमूल्यन करणारा पक्ष हा शिक्का पुन्हा नको म्हणून तीन वर्षं २.८० डॉलरचा भाव धरून ठेवला. त्यापायी आपल्याच योजना गुंडाळल्या आणि नोव्हेंबर १९६७ मध्ये शेवटी २.४० वर उतरावंच लागलं.

१९७६ मध्ये पौंड दोन डॉलरच्या खाली घसरला आणि जेम्स कॅलॅहन यांच्या सरकारने आंतरराष्ट्रीय नाणेनिधीकडे ३९० कोटी डॉलर मागितले. अट पुन्हा खर्चकपातीचीच. मंत्रिमंडळात तेव्हा टोनी बेन होते, १९३१ च्या वेजवुड बेन यांचे चिरंजीव. त्यांनी १९३१ च्या मंत्रिमंडळाच्या बैठकांची इतिवृत्तं मिळवून सहकाऱ्यांना वाटली. कॅलॅहननी मॅक्डोनाल्डांच्या उलट केलं. बैठकांमागून बैठका घेतल्या, प्रत्येकाला हवं तितकं बोलू दिलं, सगळे थकेपर्यंत ऐकलं. कपात झाली, पण एकही मंत्री गेला नाही. पुढे दिसलं की तुटीचे आकडे फुगलेले होते आणि मंजूर कर्जातलं निम्मंच वापरावं लागलं. म्हणजे सावकाराची बाजू सांभाळली गेली. मग घाव आला दुसऱ्या बाजूने. पगारवाढ पाच टक्क्यांवर रोखायला निघालेल्या कॅलॅहनना १९७८-७९ च्या हिवाळ्यात ट्रकचालकांपासून लिव्हरपूलच्या कबरी खणणाऱ्यांपर्यंत संपांनी घेरलं. २८ मार्च १९७९ च्या रात्री ३११ विरुद्ध ३१० अशा एका मताने सरकार पडलं. त्यानंतर अठरा वर्षं पक्ष सत्तेबाहेर राहिला. १ मे १९९७ ला तो परत आला, तेव्हा गॉर्डन ब्राउन यांनी पाच दिवसांत व्याजदर ठरवण्याचा अधिकार बँक ऑफ इंग्लंडला देऊन टाकला. ज्या प्रश्नाने मंत्रिमंडळं फुटतात, तो मंत्रिमंडळासमोर आणायचाच नाही, हा त्यातला हिशेब.

मॅक्डोनाल्ड फितूर होते असं मला वाटत नाही. देश बुडतोय आणि आपण तो वाचवतोय, अशीच त्यांची श्रद्धा होती. त्यांचा दोष श्रद्धेचा होता. बेकारभत्ता बदलता येतो आणि पौंडाचा भाव बदलता येत नाही, हे त्यांनी तपासल्याशिवाय मान्य केलं. गरिबांच्या मतांवर येणाऱ्या प्रत्येक सरकारपुढे हीच निवड येते. कोणता आकडा अढळ आणि कोणता लवचीक, हे ज्याच्या हातात, राज्य त्याचं. इतिहासाने मात्र १९३१ च्या त्या दोन आकड्यांचा निकाल नेमका उलटा लावला. बेकारभत्त्यातली कपात १९३४ मध्ये रद्द झाली. सुवर्ण परिमाणावर पौंड पुन्हा कधीच परतला नाही.